तो वेळ आणि ती वेळ

मराठीत ‘वेळ’ हा शब्द दोन लिंगांत चालतो. ‘माझा वेळ वाया गेला’ असे आपण म्हणतो आणि ‘माझी जेवणाची वेळ झाली’ असेही म्हणतो. पहिल्या वाक्यातला वेळ म्हणजे कालावधी. तो पुरतो, उरतो, खर्च होतो, दुसऱ्याला देता येतो. दुसऱ्या वाक्यातली वेळ म्हणजे नेमका क्षण किंवा प्रसंग. ती येते, टळते, साधावी लागते. पण साठवून ठेवता येत नाही. हिंदीत ‘समय’ आणि ‘वक़्त’ दोन्ही पुल्लिंगीच, तर कन्नडमध्ये काळ नपुंसकलिंगी. शेजारच्या भाषांत वावरणाऱ्या मराठी माणसाच्या कानाला म्हणूनच हा भेद अधिक जाणवावा. शाळेत तो लिंगविचाराच्या धड्यात एका ओळीत संपतो. काल्पनिक सृष्टी उभी करणाऱ्या लेखकाला मात्र तो फार कामाचा आहे.

वेळ ही हातात धरता येणारी, मोजता येणारी, चोरता येणारी वस्तू झाली तर काय होईल, ही कल्पना अनेकांना सुचते. सर्वांत सोपा मार्ग म्हणजे पैशाच्या जागी वेळ ठेवणे. अँड्र्यू निकोल यांच्या ‘इन टाइम’ या 2011 च्या चित्रपटात माणसाचे वय पंचविशीला थांबते आणि हातावर उरलेल्या आयुष्याचे घड्याळ उलटे चालू लागते. पगार तासांत मिळतो, बसचे भाडे तासांत द्यावे लागते. ते भाडे एका तासावरून दोन तासांवर जाते आणि हातावर तेवढा वेळ नसलेली नायकाची आई धावता धावता मरते. प्रसंग परिणामकारक आहे, कारण नियम स्पष्ट आहे. पण या सृष्टीत आहे तो फक्त ‘तो वेळ’. वेळेच्या जागी पुन्हा पैसा ठेवला तरी कथा बरीचशी तशीच राहील.

जर्मन लेखक मिखाएल एंडे यांची ‘मोमो’ ही 1973 ची कादंबरी याच्या पुढे जाते. एका शहराच्या कडेला, जुन्या रंगमंडलाच्या अवशेषांत मोमो ही मुलगी राहते. शहरात करड्या पोशाखाची माणसे येतात आणि लोकांना वेळेच्या बचत बँकेत खाते उघडायला लावतात. फुझी या न्हाव्यापुढे त्यांचा एक प्रतिनिधी हिशेब मांडतो. तासाचे 3,600 सेकंद, दिवसाचे 86,400, वर्षाचे 3,15,36,000. फुझी 42 वर्षांचा; म्हणजे त्याने वापरलेले सेकंद 1,32,45,12,000. मग वजाबाकी सुरू होते. झोप, काम, आईजवळ बसणे. अपंग असलेल्या डारियाला तो रोज फूल घेऊन भेटायला जातो, त्या अर्ध्या तासाचेही 2,75,94,000 सेकंद होतात. शेवटी शिल्लक शून्य. हिशेबात आकड्यांची चूक नाही. लबाडी आहे ती डारियाला भेटायची वेळ उधळलेला वेळ म्हणून मांडण्यात. ‘ती वेळ’ गुपचूप ‘तो वेळ’ करून टाकली, की माणूस लुटला जातो आणि त्याला कळतही नाही.

मूर्त रूप देतानाही एंडे हा भेद पाळतात. मोमोला कासियोपिया नावाचे कासव होरा गुरुजींकडे नेते. तिथे तिला दिसते, की वेळ मुळात फुलासारखा आहे. लंबक जवळ आला की एक फूल उमलते, दूर गेला की कोमेजते, आणि पुढचे फूल आधीच्यासारखे नसते. करडी माणसे हीच फुले गोठवून ठेवतात, त्यांच्या पाकळ्या वाळवून सिगार वळतात आणि त्या धुरावर जगतात. जिवंत असताना प्रत्येक फूल वेगळे असते; वाळल्यावर सगळ्यांचा धूर सारखाच. कथेचा सगळा आशय या एका पदार्थाच्या गुणधर्मात आला आहे. लेखकाला वेगळा उपदेश करावा लागत नाही.

आपल्या परंपरेतही अशी सामग्री आहे. महाभारतात पुरू आपले तारुण्य ययातीला देतो आणि त्याची जरा स्वतः घेतो. वि. स. खांडेकरांच्या ‘ययाति’मुळे ही कथा मराठी वाचकांच्या ओळखीची झाली. तिथे बँक नाही, बाजार नाही. देवघेव संमतीनेच होते, आणि एकाला मिळते तेवढेच दुसऱ्याचे जाते. एवढ्या दोन नियमांनी बाप आणि मुलगा समोरासमोर उभे राहतात.

वस्तूच हवी असेल तर घटिकापात्र आहे. बुडाशी बारीक छिद्र असलेली वाटी पाण्यावर ठेवायची. ती हळूहळू भरते आणि बुडते, तेव्हा एक घटिका, म्हणजे 24 मिनिटे, होते. वाळूच्या घड्याळाचा वरचा भाग रिकामा होत जातो, ही वाटी भरत जाते. ‘घटका भरली’, ‘दिवस भरले’ हे आपले वाक्प्रचारही भरण्याचेच आहेत. आणि मुहूर्तासाठी ही वाटी पाण्यात सोडली जाई, तेव्हा तो वेळ मोजला जाई तो ती वेळ साधण्यासाठी. दोन्ही लिंगे एकाच भांड्यात आली.

मराठीत अशी सृष्टी रचू पाहणाऱ्याने आधी काही प्रश्नांची उत्तरे स्वतःशी लिहून ठेवावीत. या जगात वेळ साठवता येतो का, आणि साठवल्यावर त्याचे काय बिघडते? तो संमतीशिवाय घेता येतो का? दुसऱ्याचा वेळ मिळाला, तर त्याबरोबर त्याच्या वेळाही मिळतात का? शेवटचा प्रश्न आपल्या भाषेनेच आपल्यासमोर ठेवला आहे. शिक्षकांनी तो वर्गात विचारून पाहावा. उत्तरात मुले लिंगविचारही शिकतील आणि कदाचित एखादी कथाही लिहितील.