कानात अक्कलकोट

'ऑडिओ वॉक म्हणजे काय?' असं आमच्या विंगमध्ये विचारलं तर एकच उत्तर येतं, "कानात गाणी लावून फिरणं." मित्रमैत्रिणींनो, तसं नाही. गाणी कुठेही ऐकता येतात, अगदी थर्मोच्या लेक्चरलासुद्धा. ऑडिओ वॉक हे असं रेकॉर्डिंग असतं की ते ठराविक गावात, ठराविक रस्त्यावर, ठराविक दिशेला तोंड करून ऐकलं तरच त्याला अर्थ येतो. आवाज सांगतो, "इथे थांबा, वर बघा," आणि आपण थांबतो, वर बघतो. सोबत गाइड नाही, ग्रुपची घाई नाही. कंटाळा आला की पॉज करून चहा प्यायला मोकळे.

मला याची ओळख झाली ती स्पेनमधल्या सालामांका नावाच्या गावामुळे. मी स्पेनला गेलेली नाही, आपली झेप सध्या सोलापूर-पुणे! माझा एक मावसभाऊ तिकडे शिकतो, त्याने तिथल्या वॉकच्या फाइल्स पाठवल्या. सालामांकाचं विद्यापीठ १२१८ साली स्थापन झालं, म्हणजे आपल्याकडे देवगिरीला यादवांचं राज्य होतं तेव्हा. युनेस्कोने १९८८ मध्ये हे जुनं शहर जागतिक वारशाच्या यादीत घातलं. विद्यापीठाच्या दर्शनी भिंतीवर दगडात इतकं बारीक कोरीव काम आहे की बघणाऱ्याचे डोळे थकतात. त्या सगळ्या गर्दीत एका कवटीवर बसलेला छोटासा बेडूक आहे. तो कोणाच्याही मदतीशिवाय ज्याला दिसेल तो परीक्षेत पास होतो, असं तिथले विद्यार्थी मानतात. (आपल्या एच.ओ.डीं.च्या केबिनबाहेर असा एखादा बेडूक बसवायला हरकत नाही.) तिथल्या नव्या कॅथेड्रलच्या एका दाराशी तर अंतराळवीर कोरलेला आहे! १९९२ च्या दुरुस्तीच्या वेळी कारागिरांनी तो मुद्दाम घातला. हे कोणी सांगितलं नाही तर माणूस समोरून तसाच निघून जाईल.

पण हे सगळं मी ऐकलं हॉस्टेलच्या गच्चीवर. आवाज म्हणाला, "आता डावीकडे वळा," आणि माझ्या डावीकडे होती पाण्याची टाकी. तेव्हा लक्षात आलं की या प्रकारात माहिती अर्धीच असते. उरलेली अर्धी समोरच्या भिंतीत असते. मग अशी भिंत आपल्या ओळखीची कुठे आहे?

माझं आजोळ अक्कलकोट. सोलापूरच्या आग्नेयेला चाळीसेक किलोमीटर. दर गुरुवारी आणि पौर्णिमेला तिथे पाय ठेवायला जागा नसते. लोक येतात, वटवृक्ष मंदिरात स्वामी समर्थांचं दर्शन घेतात, अन्नछत्रात जेवतात आणि परत गाडीत बसतात. चार-पाच तासांत ट्रिप पूर्ण. त्यात वाईट काहीच नाही, ते ज्यासाठी आले ते त्यांना मिळालं. पण त्याच गावात एका संस्थानाची राजधानी होती, तिचे राजवाडे अजून उभे आहेत, तिचं शस्त्रागार आहे, आणि त्यांच्यावरून माणसं चप्पल शोधत पुढे जातात.

माझे आजोबा ८१ वर्षांचे. निवृत्त शिक्षक. चालणं जवळजवळ बंद, बोलणं मात्र जोरात चालू. गावातला कोणता वाडा कोणाचा, कोणत्या पेठेत कोण राहायचं, हे सगळं त्यांच्या डोक्यात आहे आणि दुसरीकडे कुठेही लिहिलेलं नाही. मी कॉन्व्हेंटची, मराठी पुस्तक मला अजूनही अडखळत वाचावं लागतं, ऐकलेलं मराठी मात्र सरळ आत जातं. म्हणून दिवाळीच्या सुट्टीत मी त्यांच्यासमोर मोबाइल ठेवला आणि म्हटलं, "आजोबा, तुम्ही बोला. मी चालते."

आता तांत्रिक भाग. घाबरू नका, व्हायवा नाही.

अशा वॉकचे दोन प्रकार असतात. एकात जीपीएस असतं, तुम्ही ठराविक जागी पोचलात की आवाज आपोआप सुरू होतो. हे सामान्य माणसाला शक्य झालं ते मे २००० नंतर. तोपर्यंत अमेरिकन सरकार नागरी सिग्नलमध्ये मुद्दाम चूक मिसळायचं, त्यामुळे जागा शंभरेक मीटरने चुकू शकायची. ती मिसळ बंद झाली आणि आता साधा मोबाइलसुद्धा मोकळ्या आकाशाखाली पाचेक मीटरपर्यंत अचूक जागा सांगतो. 'मोकळ्या आकाशाखाली' हे शब्द मात्र महत्त्वाचे. अरुंद बोळात सिग्नल भिंतींवर आपटून उशिरा पोचतो आणि फोनला वाटतं आपण शेजारच्या गल्लीत आहोत. जुन्या पेठांचं गाव आणि जीपीएस यांचं फारसं जमत नाही. म्हणून मी दुसरा, अडाणी प्रकार घेतला. प्रत्येक थांब्याची वेगळी फाइल, तिला नंबर, आणि ऐकणारा स्वतः बटण दाबणार.

याची सुरुवातही अशीच साधी होती. १९५२ मध्ये ॲम्स्टरडॅमच्या स्टेडेलिक म्युझियममध्ये प्रेक्षकांच्या हातात छोटे रेडिओ रिसीव्हर दिले होते. सगळ्यांना एकाच वेळी एकच वाक्य ऐकू यायचं, म्हणून सगळ्या माना एकाच वेळी एकाच चित्राकडे वळायच्या. आपल्या पी.टी.च्या तासासारखं. पुढे कॅसेट आली, मग वॉकमन आला, आणि प्रत्येकाची मान स्वतंत्र झाली.

खरं गणित चालण्याचं आहे. आरामात चालणारा माणूस मिनिटाला ८० मीटर जातो. आजोबा मिनिटाला साधारण १२० शब्द बोलतात (मी मोजले). म्हणजे १०० मीटरला सव्वा मिनिट आणि त्यात १५० शब्द बसतात. पण बसतात म्हणून भरायचे नसतात. रस्ता ओलांडायचा असतो, रिक्षा चुकवायची असते, गुरुवारी तर वेग निम्म्यावर येतो. म्हणून चालताना निम्मेच शब्द, आणि मोठी गोष्ट फक्त थांबल्यावर. आजोबांना हे पटवायला एक अख्खी दुपार गेली. "अगं, पण फत्तेसिंहांची गोष्ट ७५ शब्दांत कशी सांगू?" तर ती गोष्ट जुन्या राजवाड्यासमोर उभं राहून ऐकायची, असं ठरलं.

गोष्ट आहेही तशीच. औरंगजेब १७०७ मध्ये गेला आणि शाहू महाराज मोगलांच्या कैदेतून सुटून दक्षिणेत आले. वाटेत मराठवाड्यातल्या पारद गावी लोखंडे पाटलांनी विरोध केला. लढाई झाली, पाटील मारले गेले. त्यांच्या बायकोने आपलं लहान मूल, राणोजी, शाहूंच्या पायावर घातलं. शाहूंनी त्याला आपलंसं केलं, पहिल्या विजयाची आठवण म्हणून नाव ठेवलं फत्तेसिंह आणि आडनाव दिलं भोसले. त्यालाच पुढे अक्कलकोट मिळालं. ज्याने बाप मारला त्याच्याच घरात मुलगा राजपुत्रासारखा वाढला! हाच फत्तेसिंह मोठा होऊन नागपूरच्या रघुजी भोसल्यांबरोबर कर्नाटकच्या मोहिमेवर गेला. १७४१ मध्ये त्रिचनापल्ली घेऊन मराठ्यांनी चंदासाहेबाला कैद केलं ती हीच मोहीम. फत्तेसिंह १७६० मध्ये वारला. घराण्याने १८२० मध्ये इंग्रजांशी करार केला आणि ८ मार्च १९४८ ला संस्थान मुंबई राज्यात विलीन झालं. १९०१ च्या खानेसुमारीत या संस्थानाची लोकसंख्या ८२ हजार होती आणि क्षेत्रफळ ४९८ चौरस मैल. कॉलेजच्या पुस्तकात एका ओळीचंही नाही, पण स्वतःचा दरबार असलेलं राज्य.

इथे आजोबांचं आणि माझं वाजलं. पारदच्या बाईने मूल पायावर घातलं तेव्हा ती काय बोलली, हेसुद्धा आजोबा सांगत होते, जणू ते स्वतः तिथे हजर होते. मी म्हटलं, हे कुणी लिहून ठेवलंय? ते म्हणाले, "लिहिलं नाही म्हणून झालं नाही का?" शेवटी तह झाला. ज्याची नोंद आहे तिथे सरळ साल सांगायचं. ज्याची नाही तिथे 'असं सांगतात' हे दोन शब्द घालायचे आणि मग कितीही रंगवायचं. मला वाटतं वॉक बनवणाऱ्याने हे पथ्य पाळायलाच हवं, कारण कानात बोलणाऱ्या आवाजावर माणूस पटकन विश्वास ठेवतो. पुस्तकात शंका आली तर मागचं पान उलटता येतं. चालताना कोण रिवाइंड करतं?

अक्कलकोटसारख्या गावात हे जास्तच लागू आहे. स्वामी समर्थ १८५६ मध्ये इथे आले आणि ३० एप्रिल १८७८ ला समाधिस्थ झाले, म्हणजे जवळजवळ २२ वर्षं ते या गावात होते. बुधवार पेठेतला समाधी मठ म्हणजे चोळप्पांचं घर. चोळप्पा हे त्यांचे जवळचे शिष्य. या काळाबद्दल गावात शेकडो कथा आहेत आणि त्या सांगताना माणसांचे डोळे भरून येतात. तिथे मी 'पुरावा काय' असं कानात बडबडणं बरं नव्हे. आणि खरं तर मंदिरात आणि मठात आमचा वॉक बोलतच नाही. दाराशी आजोबा म्हणतात, "आता इअरफोन काढा, बाहेर आल्यावर चार नंबर लावा." सगळ्या रेकॉर्डिंगमधलं मला सर्वांत आवडलेलं वाक्य हेच.

थांब्यांच्या खुणा निवडताना एक काळजी घ्यावी लागते. 'चहाच्या टपरीशी वळा' असं सांगायचं नाही, टपरी पुढच्या महिन्यात मोबाइलचं दुकान होते. कमान, पार, देवळाचं शिखर, विहीर असल्या हलू न शकणाऱ्या गोष्टी धरायच्या. 'डावीकडे' म्हणण्याआधी माणसाचं तोंड कुठे आहे ते ठरवायचं: "राजवाड्याकडे तोंड करा. आता तुमचा डावा हात." आणि एक कान उघडा ठेवायला सांगायचं, कारण मागून येणारी मोटारसायकल इतिहास ऐकत नाही. एकच कान म्हटल्यावर रेकॉर्डिंग मोनो हवं, नाहीतर अर्धा आवाज रिकाम्या कानात जातो. मोनो आणि ६४ केबीपीएस घेतलं तर मिनिटाला ०.४८ एमबी लागतात. आमचा वॉक ४० मिनिटांचा, म्हणजे साधारण १९ एमबी. एकदा डाउनलोड केला की नेटची गरज नाही.

रेकॉर्डिंगला स्टुडिओ लागत नाही. कपड्यांनी भरलेलं कपाट उघडून त्यात तोंड करून बोलायचं, कपडे आवाज शोषतात आणि खोलीचा घुमारा जातो. आजोबांना कपाटासमोर खुर्चीवर बसवलं तेव्हा आजी म्हणाली, "शेवटी साड्यांनाच शिकवायला लागलात." बाहेरचे आवाज घेताना माइकवर पातळ रुमाल बांधला की वारा लागत नाही. हॉस्टेलमध्ये मात्र प्रयत्न करू नका. हॉस्टेलमधली शांतता ही आयडियल गॅससारखी आहे, फक्त पुस्तकात सापडते.

व्यावसायिक निवेदकाचा गुळगुळीत आवाज घ्यावा की आजोबांचा खरखरीत, हा प्रश्न काहींनी विचारला. अमेरिकेत अल्काट्राझ बेटावरचा तुरुंग १९६३ मध्ये बंद झाला. तिथला १९८७ चा ऑडिओ टूर प्रसिद्ध झाला तो त्यात जुने पहारेकरी आणि जुने कैदी स्वतः बोलतात म्हणून. कोठडीसमोर उभं राहून त्यात राहिलेल्या माणसाचा आवाज ऐकणं वेगळंच. आजोबांना मध्ये खोकला येतो, तो मी कापलेला नाही.

वॉकचा शेवटचा थांबा नव्या राजवाड्यातलं शस्त्रागार. तलवारी, बंदुका, भाले सगळं आहे, पण तिथे आम्ही कमी बोललो आहोत, कारण हत्यारं बघायला कोणाला आग्रह करावा लागत नाही. जायच्या आधी उघडण्याची वेळ विचारून घ्या. रेल्वेने येणार असाल तर आणखी एक सूचना. स्टेशनचं नाव 'अक्कलकोट रोड' आहे, आणि नावात 'रोड' असलं की गाव तिथे नसतं, तिथून रस्ता असतो. हे गाव स्टेशनपासून ११ किलोमीटर आत आहे, तेवढं चालत ऐकण्याइतकं आमच्याकडे रेकॉर्डिंग नाही.

सध्या विंगमधल्या सहा जणी हा वॉक करून आल्यात. दोघी म्हणाल्या की गावात चार वेळा येऊनही राजवाडा पहिल्यांदाच दिसला. एकीने तक्रार केली की आजोबा फार जोरात बोलतात. आजोबांना ती कळवली, ते खूष झाले.

एक काम उरलंय. अक्कलकोट तालुका कर्नाटकाला लागून आहे, बाजारात निम्मं बोलणं कन्नडमध्ये चालतं आणि कलबुर्गी, विजयपूरकडून येणारे भक्तही पुष्कळ. त्यांच्यासाठी कन्नड वॉक हवा. आजोबांना कन्नड समजतं पण बोलताना मराठीच येतं. आजीचं माहेर आळंदचं, तिचं कन्नड पक्कं. ती तयार आहे, पण तिची अट आहे की फत्तेसिंहांच्या आईची गोष्ट ती तिच्या पद्धतीने सांगणार आणि त्यात 'असं सांगतात' म्हणणार नाही. आमची बोलणी चालू आहेत.