शाळेतल्या बाई

‘शांतता! कोर्ट चालू आहे’ सुरू होतं तेव्हा एका गावातल्या रिकाम्या सभागृहात दोघंच शिरतात. एक गावातला साधाभोळा सामंत आणि दुसरी मुंबईहून आलेली लीला बेणारे. बेणारे शाळेत शिकवते आणि आपल्या शिकवण्याचा तिला अभिमान आहे. १९६७ मध्ये ‘रंगायन’ या नाट्यसंस्थेने हे नाटक केलं तेव्हा बेणारे होत्या सुलभा देशपांडे. माहेरच्या त्या कामेरकर. दादरच्या छबिलदास शाळेत त्यांनी स्वतः शिकवलं होतं. बेणारेचं ते हसणं, बागडणं, मधेच कुणाची तरी फिरकी घेणं त्यांनी बाहेरून शिकून आणलेलं नव्हतं, असं मला नेहमी वाटत आलं आहे. मुलांसमोर रोज उभं राहणाऱ्या बाईच्या अंगात ते मुरलेलं असतं.

विजय तेंडुलकरांचं लेखन, अरविंद देशपांडे यांचं दिग्दर्शन आणि सुलभाताईंची बेणारे. मराठी रंगभूमीवर असं त्रिकूट क्वचितच जमलं. बेणारेच्या सोबत्यांनी खेळ म्हणून मांडलेला खटला हळूहळू खरा होत जातो आणि भ्रूणहत्येच्या आरोपाखाली सगळे मिळून एका एकट्या बाईला फाडून खातात. शेवटी न्यायाधीश झालेले काशीकर तिला बचावासाठी दहा सेकंद देतात. त्या दहा सेकंदांत बेणारेचं प्रदीर्घ स्वगत येतं. बाकीची पात्रं गोठलेली असतात, त्यांतलं कुणीही ते ऐकत नाही. ऐकतो तो फक्त प्रेक्षक. नटीची खरी कसोटी इथे लागते. इतकं बोलूनही ‘ही कोर्टात बोललीच नाही’ हे तिला आपल्याला जाणवून द्यावं लागतं. पुढे १९७१ मध्ये सत्यदेव दुबे यांनी या नाटकावर चित्रपट केला आणि पडद्यावरही बेणारे सुलभाताईच झाल्या.

त्याच वर्षी अरविंद आणि सुलभा देशपांडे या दांपत्यानं आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ‘आविष्कार’ ही नाट्यसंस्था उभी केली. नव्या नाटकांना परवडेल अशी जागा हवी होती. १९७४ मध्ये ती मिळाली छबिलदास शाळेच्या सभागृहात. दिवसा मुलांचा कलकलाट आणि संध्याकाळी हाताच्या अंतरावर बसलेले प्रेक्षक. ‘छबिलदास चळवळ’ म्हणून जी इतिहासात गेली, ती अशी एका शाळेत रुजली.

आविष्कारच्या ‘चंद्रशाला’ या बालविभागाचा मोठा भार सुलभाताईंनी वाहिला. ‘दुर्गा झाली गौरी’ या नृत्यनाट्यातून मुलांच्या कित्येक पिढ्या रंगमंचावर आल्या. त्यांच्या अभिनयाबद्दल भरपूर लिहिलं गेलं, या कामाबद्दल मात्र फार कमी, आणि याची मला खंत वाटते. मुलांना नाटक शिकवणं म्हणजे मोठ्यांच्या नाटकातून उरलेला वेळ घालवणं नव्हे, हे त्यांनी आयुष्यभर करून दाखवलं.

पडद्यावर त्यांच्या वाट्याला बहुधा आयाच आल्या. ‘भूमिका’तली उषाची आई, ‘चौकट राजा’तली नंदूची आई आणि उतारवयात ‘इंग्लिश विंग्लिश’मधली सासू. या भूमिका लहान होत्या, तरी त्यांतली एकही बाई दुसरीसारखी दिसत नाही. १९८७ च्या जानेवारीत अरविंद देशपांडे गेले. त्याच वर्षी सुलभाताईंना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. त्यांनी ना नाटक थांबवलं, ना चंद्रशाला.

४ जून २०१६ रोजी मुंबईत, वयाच्या ७९ व्या वर्षी त्या गेल्या. छबिलदासमधून बाहेर पडल्यावर आविष्कारच्या तालमी आणि प्रयोग माहीमला गेले होते. तिथेही संस्थेला जागा मिळाली ती महापालिकेच्या एका शाळेतच.