घरचा पाव, घरचे नाव

नाशिकच्या माणसाला पाव नवा नाही. सकाळी मिसळीबरोबर पाव, संध्याकाळी वड्याबरोबर पाव, कामावर जायची घाई झाली तर चहात बुडवून पाव. भाकरीखालोखाल आपल्या पोटात जाणारे अन्न हेच असेल. तरीही आपल्या वस्तीत घरी पाव भाजणारे घर शोधून सापडायचे नाही. पाव ही भट्टीवाल्याची विद्या, ते आपले काम नव्हे, अशी आपण समजूत करून घेतली आहे.

आमच्या घरातली ही समजूत मुलीने मोडली. मैत्रिणीच्या घरी तिने चंद्रकोरीच्या आकाराचे, लोण्याचा वास येणारे मऊ पाव खाल्ले आणि ‘बाबा, हे घरी होतात’ म्हणत अर्धा किलो मैदा आणायला लावला. पहिल्या दिवशी जे तयार झाले त्याकडे पाहून आमच्या आईने विचारले, ‘अगं, हे खायचं की याने शेंगदाणे कुटायचे?’ सगळे हसले, मुलगी रडवेली झाली. चूक एकच होती. तिने उकळत्या दुधात यीस्ट टाकले होते.

यीस्ट हा जिवंत जीव आहे. लुई पाश्चर या फ्रेंच शास्त्रज्ञाने १८५० नंतरच्या दशकात प्रयोग करून दाखवले की आंबण्याची क्रिया डोळ्यांना न दिसणारे सजीव करतात. यीस्ट पिठातली साखर खाते आणि वायू सोडते. त्या वायूने पीठ फुगते. ऊब मिळाली तर ते जोमाने काम करते, थंडीत सुस्तावते आणि साधारण ५५ ते ६० अंश सेल्सिअसला मरते. आमच्या उकळत्या दुधात ते बिचारे कधीच संपले होते.

हा पाव आहे तरी कोणता?

चंद्रकोरीच्या पावाचे मूळ युरोपात, ऑस्ट्रियाकडे आहे. १६८३ साली व्हिएन्नाला तुर्की सैन्याचा वेढा पडला होता. तो उठल्यावर तिथल्या पाववाल्यांनी तुर्कांच्या निशाणावरची चंद्रकोर पिठात वळली, अशी एक रंजक गोष्ट सांगतात. पण ती दंतकथाच. कोरीच्या आकाराचा ‘किपफर्ल’ नावाचा पाव तिकडे त्याच्या कितीतरी आधीपासून होता. ऑगस्ट झँग नावाच्या ऑस्ट्रियन माणसाने १८३८-३९ च्या सुमारास पॅरिसमध्ये व्हिएन्ना पद्धतीची बेकरी काढली, आणि पुढे फ्रान्समध्ये त्याचा पापुद्र्यांचा ‘क्रोसाँ’ झाला. तो करणे जिकिरीचे आहे. आपण करणार तो साधा, जेवणाबरोबर खायचा मऊ पाव.

साहित्य (१६ पावांसाठी)

मैदा ५०० ग्रॅम, दूध ३०० मिलिलिटर, साखर ५० ग्रॅम, लोणी ६० ग्रॅम आणि वरून लावायला आणखी ३० ग्रॅम, मीठ ८ ग्रॅम म्हणजे साधारण दीड चहाचा चमचा, आणि दाणेदार कोरडे यीस्ट ७ ग्रॅम म्हणजे सव्वादोन चहाचे चमचे. घरात तराजू नसेल तर किराणा दुकानातून अर्ध्या किलोची पिशवी आणावी, म्हणजे मैद्याच्या मापाची चिंता मिटते.

कृती

दूध कोमट करावे. तान्ह्या बाळाला दूध देताना आपण मनगटावर थेंब टाकून पाहतो, तेच माप. त्यात साखर व यीस्ट घालून दहा मिनिटे झाकून ठेवावे. वर फेस आला तर यीस्ट जिवंत आहे. फेस नाही आला तर तिथेच थांबावे. वीस रुपयांच्या यीस्टपायी दीडशे रुपयांचा माल वाया घालवू नये.

परातीत मैदा व मीठ एकत्र करून त्यात हे दूध घालावे आणि पीठ मळावे. गोळा जमला की ६० ग्रॅम मऊ लोणी थोडे थोडे घालत दहा-बारा मिनिटे दाबून, ताणून मळावे. सुरुवातीला पीठ हाताला चिकटेल. घाबरून कोरडा मैदा टाकत जाऊ नये. पाव कडक होण्याचे ते एक मोठे कारण आहे. मळता मळता पीठ आपोआप गुळगुळीत होते. एक लहान तुकडा दोन्ही हातांनी ताणून पाहावा. न फाटता पातळ पडद्यासारखा ताणला गेला की मळणे पुरे.

गव्हात ग्लुटेन तयार करणारी प्रथिने असतात. पाणी लागले आणि मळले की त्यांचे रबरासारखे जाळे होते आणि यीस्टचा वायू त्यात अडकतो. ज्वारी-बाजरीत हे जाळे होत नाही. म्हणून आपली भाकरी थापावी लागते आणि तिचा असा पाव होत नाही. अर्धा मैदा व अर्धी कणीक घेतली तरी चालते. पाव थोडा जड होतो आणि दूध थोडे जास्त लागते.

मळलेले पीठ तेलाचा हात लावून, झाकून दुप्पट होईपर्यंत ठेवावे. उन्हाळ्यात तासाभरात काम होते. नाशिकच्या डिसेंबर-जानेवारीच्या थंडीत दोन-तीन तासही लागतात. म्हणून घड्याळाकडे न पाहता पिठाकडे पाहावे.

आता पिठाचे दोन गोळे करावेत. एकेका गोळ्याची बारा इंच व्यासाची जाड पोळी लाटून वर लोणी फासावे आणि आठ त्रिकोण कापावेत. प्रत्येक त्रिकोण रुंद बाजूकडून टोकाकडे गुंडाळावा, टोक खाली दाबावे आणि दोन्ही बाजू किंचित आत वळवाव्यात. झाली चंद्रकोर. तेल लावलेल्या ताटलीत अंतर सोडून ठेवाव्यात आणि पुन्हा अर्धा-पाऊण तास फुगू द्याव्यात. वरून दुधाचा हात फिरवावा.

ओव्हन असेल तर तो आधी तापवून १८० अंशावर १८ ते २० मिनिटे भाजावे. नसेल तर अडून बसू नये. जाड बुडाचे जुने पातेले घ्यावे, तळाशी दोन बोटे मीठ किंवा स्वच्छ वाळू पसरावी, त्यावर तिवई ठेवावी आणि घट्ट झाकण घालून पंधरा मिनिटे तापवावे. मग पावाची ताटली आत ठेवून मंद आचेवर २५ ते ३० मिनिटे भाजावे. पातेल्यात वरची बाजू फिकट राहते, म्हणून शेवटची चार-पाच मिनिटे पाव उलटून घ्यावेत. एका वेळी पाच-सहाच मावतात. बाकीच्यांची ताटली तोवर थंड जागी ठेवावी. प्रेशर कुकर मात्र यासाठी वापरू नये. पाण्याशिवाय तापवल्याने तो खराब होतो.

आमचा दुसरा घाणा बरा झाला. तिसऱ्याला आईने दोन पाव मागून घेतले. शेंगदाण्याचे नाव काढले नाही.

पाव आणि बाटणे

चौथ्या घाण्याच्या वेळी शेजारच्या मावशी बघायला आल्या. पाव हातात घेऊन म्हणाल्या, ‘आमच्या लहानपणी म्हातारी माणसं म्हणायची, पाव खाल्ला की माणूस बाटतो.’ मुलीला हे खरेच वाटेना. म्हणून तिला सांगितले ते इथेही सांगतो.

यीस्टचा पाव आपल्याकडे पोर्तुगीजांबरोबर आला. ‘पाव’ हा शब्दही त्यांचाच. गोव्यात यीस्टच्या ऐवजी माडाची ताडी घालून पीठ आंबवत. विहिरीत पाव टाकला, ते पाणी गाव प्याले आणि अख्खे गाव बाटले, अशा गोष्टी वसईपासून गोव्यापर्यंत सांगितल्या जात. पाव भाजणारे हात ख्रिस्ती वा मुसलमान, म्हणून सोवळेवाल्यांना तो वर्ज्य.

इतका वर्ज्य, की तो खाणे ही बंडखोरीची परीक्षा ठरली. १८४९ साली मुंबईत दादोबा पांडुरंग आदी मंडळींनी परमहंस सभा काढली. जातिभेद मोडणे हा तिचा हेतू. नव्या सभासदाने ख्रिस्ती माणसाने भाजलेला पाव खायचा, असा तिथला रिवाज होता. पण सारे गुपचूप, बंद दाराआड. पुढे सभासदांच्या नावांची वही चोरीला गेली आणि नावे उघड होतील या धास्तीने सभाच मोडली. जात मोडायला निघालेली शिकलेली माणसे आपले नाव कळेल म्हणून घाबरली.

१८९० साली पुण्यात पंचहौद मिशनमध्ये जमलेल्या नामांकितांपुढे चहा-बिस्किटे ठेवली गेली. नावे छापून आली आणि केवढे वादळ उठले. प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेले. लोकमान्य टिळक आणि न्यायमूर्ती रानडे यांनाही प्रायश्चित्त घ्यावे लागले.

याच्या उलट कोल्हापूर पाहा. पाण्याच्या हौदाला शिवल्याबद्दल मार खाल्लेल्या गंगाराम कांबळे यांना राजर्षी शाहू महाराजांनी चहाचे हॉटेल काढायला मदत केली. अस्पृश्याच्या हातचा चहा कोण पिणार? महाराज स्वतः गाडी थांबवून भररस्त्यात तो चहा पीत आणि बरोबरच्या मंडळींनाही पाजत. तिथे बंद दारही नव्हते आणि चोरायला वहीही नव्हती.

पाकिटावर नाव

हा जुना इतिहास झाला, असे मलाही वाटत होते. पुढे वस्तीतल्या सहा-सात जणी हे पाव शिकल्या. शहरातल्या एका प्रदर्शनात त्यांनी टेबल घेतले आणि सहा-सहा पावांची २४ पाकिटे मांडली. एका बाईंनी तुकडा चाखला, वाखाणला, दोन पाकिटे उचलली. पैसे काढता काढता विचारले, ‘आडनाव काय तुमचं?’ आडनाव ऐकले. ‘नंतर नेते हं,’ म्हणून पाकिटे ठेवून गेल्या. त्या परत आल्या नाहीत.

काळाराम मंदिराचा सत्याग्रह १९३० साली ज्या शहरात सुरू झाला, त्याच शहरातली ही गोष्ट.

त्या रात्री आमच्या ओट्यावर चर्चा झाली. एक वहिनी म्हणाल्या, ‘आडनाव सांगूच नका, नुसतं ताई म्हणा. पाव तर खपले पाहिजेत.’ त्यांचे काय चुकले? घरात पोरांची फी थकलेली असते. पण मावशींनी मान हलवली. ‘भाकर चोरून खाल्ली नाही, तर पाव चोरून का विकायचा? नाव मोठं लिहा.’

मी कारकून माणूस, मी कायद्याचे बोललो. २००६ च्या अन्नसुरक्षा कायद्यानुसार घरातून पदार्थ विकणाऱ्यालाही नोंदणी लागते आणि पाकिटावर करणाऱ्याचे नाव, पत्ता, घटक व तारीख द्यावी लागते. म्हणजे नाव लपवायची सोयच नाही. दुसऱ्या दिवशी मुलीने टपोऱ्या अक्षरात चिठ्ठ्या लिहिल्या: पूर्ण नाव, वस्तीचे नाव, घटक, भाजल्याची तारीख. संध्याकाळपर्यंत २१ पाकिटे गेली, तीन परत आली. ती का राहिली ते कुणाला ठाऊक. आम्ही ती चहाबरोबर खाल्ली.

घटक लिहिण्याला आणखी एक अर्थ आहे. २०१६ साली दिल्लीच्या सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्नमेंट या संस्थेने ब्रेड-पावाचे ३८ नमुने तपासले, तेव्हा ८४ टक्के नमुन्यांत पोटॅशियम ब्रोमेट किंवा आयोडेट असल्याचे आढळले. त्यातील ब्रोमेट कर्करोगाच्या दृष्टीने घातक मानले जाते, आणि त्याच वर्षी सरकारने त्याच्या वापरावर बंदी घातली. घरच्या पावात काय आहे ते आपण छातीठोकपणे लिहू शकतो. मैदा, दूध, लोणी, साखर, मीठ, यीस्ट. बस्स.

हिशेब मांडा

आता वाणिज्य शाखेच्या माणसाचे दोन शब्द. आपल्या भगिनी भाव ठरवताना मैदा, दूध, लोणी मोजतात आणि स्वतःला विसरतात. समजा, १६ पावांचे साहित्य ११० रुपये, गॅस १५, पिशव्या ५. बेरीज १३०. इथेच बहुतेकजणी रेघ ओढतात आणि सव्वाआठ-साडेआठ रुपयांना पाव विकून ‘फायदा झाला’ म्हणतात. पण हाताचे सव्वा तासाचे काम? त्याचे ७० रुपये धरा. झाले २००. भागिले १६, म्हणजे एका पावाची किंमत साडेबारा रुपये. त्यातले दोन करपले तर १४ ने भागा. १४ रुपये २९ पैसे. नफा त्याच्या वर.

आपल्या आया-आजींच्या मेहनतीचा रकाना या देशाने पिढ्यान्पिढ्या कोरा ठेवला. निदान आपल्या वहीत तरी तो आपण कोरा ठेवू नये. आकडे तुमच्या बाजारभावाप्रमाणे बदला, मजुरीचा रकाना मात्र खोडू नका.

विकायचे नसेल तरी हरकत नाही. येत्या रविवारी अर्धा किलो मैदा आणा, पोराबाळांना हाताशी घ्या. मुलालाही मळायला लावा, मुलीलाच नको. पहिला घाणा बिघडला तर आमचा आठवा, दुधाची ऊब मनगटावर तपासा आणि पुन्हा करा. आणि कुणी विचारले, ‘हे पाव कुणाच्या घरचे?’ तर पूर्ण नाव सांगा.