शिक्क्यापलीकडचे निळूभाऊ

गावच्या जत्रेत तंबूत सिनेमा लागायचा. पडद्यावर तो आला, की बायका बोटं मोडायच्या. डोक्यावर टोपी, अर्धवट मिटलेले डोळे, घशातून खरवडत निघालेला आवाज. हे निळू फुले! नटाला याहून मोठी दाद कोणती? पण खलनायकाचा हा शिक्का इतका पक्का बसला, की त्याखालचा नट पुष्कळांनी नीट पाहिलाच नाही.

निळूभाऊ वाढले राष्ट्र सेवा दलाच्या संस्कारांत. पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात ते माळीकाम करत आणि सेवा दलाच्या कलापथकात उभे राहत. पुढं शंकर पाटलांच्या ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या वगनाट्यानं त्यांना नाव मिळवून दिलं. वगात संहिता असते ती दोऱ्यासारखी. मणी नटानं ऐनवेळी ओवायचे. समोरच्याचं बोलणं कान देऊन ऐकल्याशिवाय ते साधत नाही. ऐकण्याची ही सवय त्यांच्या पुढच्या सगळ्या कामांत दिसते.

१९६८ साली अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’मधून ते चित्रपटात आले. लोकनाट्यातला नट पडद्यावरही मोठ्यानं बोलणार, असं कुणालाही वाटलं असतं. निळूभाऊंनी नेमकं उलटं केलं. आवाज खाली ठेवला, शब्द सावकाश टाकले. ज्याच्या हाती गाव आहे, त्याला ओरडावं कशाला लागेल?

१९७२ साली कमलाकर सारंगांनी विजय तेंडुलकरांचं ‘सखाराम बाइंडर’ रंगमंचावर आणलं. नवऱ्यानं टाकलेल्या बायकांना घरी आणून ठेवणारा सखाराम निळूभाऊंनी उभा केला. नाटकावर वादळ उठलं, प्रकरण न्यायालयापर्यंत गेलं. सखाराम रासवट होता, पण ढोंगी नव्हता. प्रेक्षकाला त्याची चीड यावी आणि कीवही यावी, हे अवघड काम त्यांनी पेललं.

त्यांचा आवाका पाहायचा असेल, तर डॉ. जब्बार पटेल यांचे दोन चित्रपट लागोपाठ पाहावेत. दोन्हींची पटकथा तेंडुलकरांची. ‘सामना’त (१९७५) निळूभाऊ साखरसम्राट हिंदूराव धोंडे पाटील आहेत, तर डॉ. श्रीराम लागू दारूत बुडालेले मास्तर. सगळं गाव हिंदूरावाच्या मुठीत आहे. पण मारुती कांबळेबद्दलचा मास्तरांचा प्रश्न काही त्याची पाठ सोडत नाही. चार वर्षांनी ‘सिंहासन’मध्ये पारडं फिरलं. सत्तेच्या खेळात आता डॉ. लागूंचे विश्वासराव दाभाडे आहेत आणि निळूभाऊ झाले आहेत पत्रकार दिगू टिपणीस. दिगूला सगळं कळतं, पण हातात काहीच नाही. नुसता पाहणारा, ऐकणारा माणूस. चेहरा तोच, आवाज तोच. मात्र हिंदूरावाचा मागमूसही नाही. शेवटी दिगूचं वेड्यासारखं हसणं अंगावर काटा आणतं.

हिंदीनं त्यांना मोजक्याच संधी दिल्या. तरी महेश भट्ट यांच्या ‘सारांश’मधला (१९८४) पुढारी गजानन चित्रे विसरता येत नाही. म्हाताऱ्या मास्तराला धमकावतानाही त्याची सत्ता सहज वाटते, म्हणूनच ती जास्त भीतिदायक.

पडद्यावर वाडे आणि खुर्च्या उपभोगणारा हा माणूस प्रत्यक्षात अगदी साधा होता. सामाजिक कृतज्ञता निधी, अंधश्रद्धा निर्मूलनाची चळवळ, अशा कामांत डॉ. लागूंबरोबर तेही असत. १९९१ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला, तरी राहणी बदलली नाही. १३ जुलै २००९ रोजी ते गेले.

जुलमी माणूस कसा बोलतो, कसा हसतो, हे त्यांना इतकं अचूक ठाऊक असण्याचं कारण कदाचित इथंच असावं. आयुष्यभर ते त्याच्या विरुद्ध बाजूला उभे होते. तिथून तो नीट दिसतो. आता कुणी त्यांच्या आवाजाची नक्कल केली, की जरूर हसू या. पण घरी आल्यावर ‘सिंहासन’ही एकदा लावू या.