मूकपटाचे संगीत

मूकपट म्हटला की थिएटरात शुकशुकाट असेल, अशी आपली समजूत असते. प्रत्यक्षात तसे नव्हते. दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कोरोनेशन थिएटरात लागला. त्यानंतर १९३१ मध्ये बोलपट येईपर्यंत आपल्याकडे अनेक थिएटरांत पडद्यापुढे पेटी आणि तबला घेऊन वादक बसत. चित्र पाहायचे आणि प्रसंग ओळखून वाजवायचे, अशी रीत. लिहून ठेवलेले सहसा काही नसेच.

संगीत नाटकावर वाढलेल्या आपल्या मंडळींना यातली अडचण लगेच कळेल. नट पदात रंगला की ऑर्गनवाला त्याच्या मागे जातो, तबलजी आवर्तने वाढवतो, ‘वन्स मोअर’ आला तर पद पुन्हा होते. पडद्यावरचा नट मात्र कुणासाठी थांबत नाही. तुम्ही समेवर या न या, दार उघडायचे तेव्हा उघडणारच! त्यातून प्रोजेक्टरचा वेगही सगळीकडे सारखा नसे. एका गावी बरोबर बसलेले संगीत दुसऱ्या गावी मागे पडे.

युरोप-अमेरिकेत लहान थिएटरांत पियानो असे, मोठ्यांत वाद्यवृंद. बहुतेक वेळा पाठलाग, वादळ, विरह अशा प्रसंगांसाठी तयार तुकडे निवडून ते जोडत. खास एका चित्रपटासाठी संगीत रचणे हा खर्चाचा मामला. तरीही कामील सँ-साँस या फ्रेंच संगीतकाराने १९०८ मध्येच तसे केले होते.

यातले मला सर्वांत विलक्षण वाटते ते उदाहरण फ्रिट्झ लांगच्या ‘मेट्रोपोलिस’चे. हा जर्मन मूकपट जानेवारी १९२७ मध्ये बर्लिनला प्रथम दाखवला गेला. संगीतकार गॉटफ्रीड हुपर्ट्झ चित्रीकरणाच्या वेळीही हजर असे, पियानो वाजवत असे. मृत्यूच्या दृश्यासाठी त्याने चर्चमधली जुनी मृत्युगीताची चाल घेतली, तर कामगारांच्या उठावाला फ्रान्सच्या राष्ट्रगीताची. संवाद ऐकू येत नसताना प्रेक्षकाला अर्थ पोचवायचा, तर ओळखीची चाल हवीच. आणि वाद्यवृंद चुकू नये म्हणून पडद्यावर काय दिसताना कोणता स्वर यायचा, याच्या हजाराहून अधिक खुणा त्याने स्वरलिपीत करून ठेवल्या.

पुढे चित्रपट चालला नाही. वितरकांनी तो कापला आणि सुमारे पाव भाग हरवला. २००८ मध्ये ब्यूनोस आयर्सच्या एका संग्रहालयात जवळजवळ पूर्ण प्रत सापडली. कोणता तुकडा कुठे बसवायचा, किती वेळ चालायचा, हे ठरवताना तज्ज्ञांनी हुपर्ट्झच्या त्या खुणांचा आधार घेतला. वादकांच्या सोयीसाठी लिहिलेल्या टिपा ऐंशी वर्षांनी चित्रपटाच्याच कामी आल्या.

आपले बहुतेक मूकपट नष्ट झाले. त्यांच्यापुढे बसून रोज दोन-तीन खेळ वाजवणाऱ्या पेटीवाल्यांनी काय वाजवले, कोणत्या रागात, कोणत्या नाट्यपदांच्या चाली उचलल्या, हेही त्यांच्याबरोबरच गेले. वादक काही कमी प्रतीचे नव्हते. कानावर भरवसा असलेल्या माणसाला लिहून ठेवायची गरज वाटत नाही, इतकेच.

‘मेट्रोपोलिस’ची २०१० ची आवृत्ती हुपर्ट्झच्याच संगीतासह आहे, ती जरूर पाहा. मध्येच चित्र धूसर होते, उभे ओरखडे दिसू लागतात. ते सारे अर्जेंटिनात सापडलेले तुकडे. संगीत मात्र तिथेही तसेच स्वच्छ वाजत राहते.