भाकरीच्या मुलखातली चंद्रकोर

पुणे जिल्ह्याच्या नैऋत्य कोपऱ्यातील भोर आणि वेल्हे (हा दुसरा तालुका आता अधिकृतपणे राजगड म्हणून ओळखला जातो) हा मुळात भाताचा आणि भाकरीचा मुलूख आहे. खाचरांत आंबेमोहोर आणि इंद्रायणी, डोंगरउतारावर नाचणी आणि वरई, आणि पूर्वेकडे पाऊस कमी होत जातो तसतशी ज्वारी-बाजरी, अशी येथील पिकांची साधारण मांडणी असून, पावासाठी लागणारा मैदा मात्र किराणा दुकानातूनच आणावा लागतो. चेलाडी फाट्यावरून वेल्ह्याकडे किंवा कापूरहोळहून भोरकडे वळणाऱ्या रस्त्यांवर चहाच्या टपऱ्यांत लादी पाव, खारी आणि टोस्ट सर्रास दिसतात, तरी पाव घरी भाजण्याचा प्रघात येथे नाही, आणि त्याचे कारण केवळ भट्टीचा अभाव हे नसून ते धान्याच्या स्वभावातच दडलेले आहे.

गव्हाच्या पिठात ग्लुटेनिन आणि ग्लायडिन नावाची दोन प्रथिने असतात. पाणी मिळून पीठ मळले गेले की ती एकमेकांत गुंतून ताणता येईल असे जाळे तयार करतात, त्यालाच ग्लुटेन म्हणतात. तांदूळ, नाचणी, ज्वारी, बाजरी यांपैकी एकातही असे जाळे तयार होत नाही. म्हणूनच तांदळाच्या भाकरीसाठी उकड काढावी लागते आणि नाचणीचे पीठ कढत पाण्यात भिजवावे लागते. उष्णतेने पिठातील स्टार्च फुगून चिकट होतो आणि प्रथिनांच्या जाळ्याचे काम तोच चिकटपणा करतो. भाकरी थापताना कडा फाटू न देण्याचे जे कसब येथील बायकांच्या हातात आहे, ते या उसन्या चिकटपणावर मिळवलेले नियंत्रण होय. पावाचे गणित याच्या नेमके उलटे असते. तेथे पीठ कोमट द्रवात भिजवायचे, भरपूर मळून जाळे घडवायचे आणि मग त्या जाळ्यात वायू कोंडून ठेवायचा, असा क्रम असल्यामुळे भाकरीचा हात पावाला थेट उपयोगी पडत नाही. पुरणपोळीच्या कणकेचा हात मात्र पडतो, कारण तेल लावून तासभर मुरवलेली आणि पुन्हा तिंबलेली कणीक म्हणजे ग्लुटेनचे मुरलेले जाळेच असते.

ज्या पदार्थाचा येथे विचार करायचा आहे तो इंग्रजी जेवणाच्या ताटात बाजूला ठेवला जाणारा, चंद्रकोरीच्या आकाराचा, लोण्याचा मऊ छोटा पाव, म्हणजे क्रेसेंट डिनर रोल. त्याचा मूळ पूर्वज ऑस्ट्रियातील किपफर्ल हा कोरीच्या आकाराचा पाव मानला जातो. 1683 मध्ये तुर्की सैन्याचा व्हिएन्नाचा वेढा उठल्यावर तुर्की निशाणावरील चंद्रकोरीची आठवण म्हणून बेकऱ्यांनी तो घडवला, ही कथा सर्वत्र सांगितली जाते, पण किपफर्ल त्याआधीपासून प्रचारात असल्याने ती कथा म्हणूनच घ्यावी. 1830च्या दशकाच्या अखेरीस ऑगस्ट झांग या ऑस्ट्रियनाने पॅरिसमध्ये व्हिएन्नाच्या धर्तीची बेकरी काढली आणि त्या आकाराला तेथे क्रोसाँ हे नाव मिळाले. अमेरिकेत 1965 मध्ये पिल्सबरी कंपनीने आपल्या जाहिरातीतील कणकेचा बाहुला ज्या डब्यातून प्रथम बाहेर काढला तो या कच्च्या रोलचाच डबा होता. आपल्याकडे तेच नाव चपातीच्या आट्याच्या पिशवीवरून ओळखीचे झाले, हा योगायोग गमतीचा आहे.

महाराष्ट्रात पाव आला तो पोर्तुगिजांबरोबर, आणि ‘पाव’ हा शब्दही त्यांचाच. गोव्यात यीस्टच्या ऐवजी माडाच्या सुराने पीठ आंबवण्याची युक्ती रूढ झाली. पुण्यात मात्र भट्टीतल्या पदार्थांविषयीचा सोवळेपणा बराच काळ टिकला. 1890 साली पंचहौद मिशनमध्ये घेतलेल्या चहा-बिस्किटांवरून ग्रामण्य उभे राहिले आणि न्यायमूर्ती रानडे, लोकमान्य टिळक यांच्यासारख्यांच्या प्रायश्चित्ताचा प्रश्न शहरभर गाजला. त्याच शहरात पुढे इराणी हॉटेलांतला बन-मस्का आणि 1955 साली सुरू झालेल्या कयानी बेकरीची श्रूजबेरी बिस्किटे ही पुण्याची ओळख बनली. बेकरीची भाषाही तोवर इतकी मराठी झाली की, ‘बटर’ म्हणजे लोणी न राहता चहात बुडवायचा एक कडक, खुसखुशीत पदार्थ झाला.

चंद्रकोरीचा आकार आणि स्निग्धाचे पापुद्रे ही दोन्ही वैशिष्ट्ये मराठी स्वयंपाकघरात आधीपासूनच आहेत, आणि ती साट्याच्या करंजीत एकत्र येतात. तूप आणि तांदळाचे पीठ किंवा कॉर्नफ्लोअर फेसून केलेल्या मिश्रणाला साटा म्हणतात. तो लाटलेल्या पोळ्यांच्या मध्ये फासून त्यांची गुंडाळी करायची, तिच्या लाट्या कापून त्या पुन्हा लाटायच्या, आणि तळताना साट्यामुळे थर सुटे होतात. क्रोसाँमध्येही तत्त्व हेच आहे, पण तेथे लोण्याची थंडगार वडी पिठात गुंडाळून तीन वेळा तिपदरी घडी घातली जाते, म्हणजे लोण्याचे सत्तावीस थर होतात, आणि ते लोणी अखेरपर्यंत घट्ट राहिले तरच पापुद्रे सुटतात. एप्रिल-मेमध्ये दुपारचा पारा अडतीस अंशांवर जाणाऱ्या भागात वातानुकूलनाशिवाय क्रोसाँचा हट्ट धरणे हे लोण्याचे नुकसान आणि मनस्ताप एवढेच आहे. डिनर रोलमध्ये लोणी मऊच असावे लागते, ते पोळीवर नुसते फासायचे असते, आणि पापुद्र्यांऐवजी उलगडत जाणारा मऊपणा अपेक्षित असतो. भोर-वेल्ह्याच्या हवेला आणि साध्या स्वयंपाकघराला हाच प्रकार योग्य आहे.

सोळा रोलसाठी 300 ग्रॅम मैदा, 5 ग्रॅम इन्स्टंट यीस्ट, 35 ग्रॅम साखर, 5 ग्रॅम मीठ, 160 मिलिलिटर दूध, एक अंडे आणि 45 ग्रॅम लोणी पिठात, शिवाय 30 ग्रॅम लोणी फासण्यासाठी, असे प्रमाण घ्यावे. अंडे चालत नसेल तर दूध 200 मिलिलिटरपर्यंत वाढवावे. विकतचे खारे बटर वापरल्यास मीठ निम्मे करावे. घरचे लोणी घेतल्यास ते थंड पाण्याने दोन-तीनदा धुऊन ताक पूर्ण काढून टाकावे, नाहीतर पीठ सैल होते. तूप वापरायचेच असेल तर ते थोडे कमी घ्यावे, कारण लोण्यात पाण्याचा अंश असतो, तुपात तो जवळजवळ नसतो. पाश्चात्त्य पाककृतींमध्ये दूध आधी उकळीपर्यंत तापवून निववण्याचा आग्रह असतो, कारण कच्च्या दुधातील काही प्रथिने पिठाच्या जाळ्याला सैल करतात आणि उष्णतेने त्यांचा तो गुण जातो. धार काढलेले दूध चुलीवर चढवल्याशिवाय ज्या घरात कोणी वापरत नाही, तेथे ही पायरी न सांगताच पार पडलेली असते.

यीस्ट म्हणजे सॅकरोमायसेस सेरेव्हिसी नावाची एकपेशीय बुरशी. ती साखर खाऊन कार्बन डाय-ऑक्साइड आणि अल्कोहोल तयार करते; वायू पीठ फुगवतो, अल्कोहोल भाजताना उडून जाते. दूध बोटाला जेमतेम कोमट लागेल एवढेच असावे, कारण पंचावन्न ते साठ अंशांना यीस्ट मरते आणि मग कितीही वाट पाहिली तरी गोळा होता तेवढाच राहतो. नवशिक्यांचे पहिले अपयश बहुतेक वेळा येथेच असते. लोणी सोडून सर्व जिन्नस परातीत एकत्र करून गोळा बांधावा आणि मग लोणी थोडे थोडे घालत दहा-बारा मिनिटे मळावे. सुरुवातीला पीठ हाताला, परातीला, सगळीकडे चिकटते आणि वरून मैदा भुरभुरण्याचा मोह होतो; तो टाळावा, कारण मळत गेल्यावर तेच पीठ परात सोडून देते आणि हाताला गुळगुळीत लागू लागते. पीठ तयार झाले की नाही हे पाहण्यासाठी लिंबाएवढा तुकडा दोन्ही हातांच्या बोटांवर हळूहळू ताणावा: तो फाटण्याआधी पापडासारखा पातळ होऊन पलीकडचा उजेड दिसला, तर जाळे पुरते घडले आहे.

यानंतर घड्याळाऐवजी हवेकडे पाहावे लागते. परदेशी पुस्तकातला ‘उबदार जागी एक तास’ हा सल्ला साधारण सत्तावीस अंशांच्या खोलीसाठी ठीक आहे. वैशाखात तेच पीठ पाऊण तासात दुप्पट होते आणि तसेच सोडले तर आंबूस वास येऊन खाली बसते. डिसेंबरात, पारा रात्री दहा-बारा अंशांच्या आसपास उतरणाऱ्या खोऱ्यांत, त्याला दोन-तीन तासही कमी पडतात. अशा वेळी चुलीच्या उबेला किंवा गरम पाण्याच्या पातेल्याशेजारी झाकून ठेवावे. इडलीचे पीठ हिवाळ्यात येत नाही म्हणून ज्यांनी घोंगडीत गुंडाळले आहे, त्यांना हे नवे नाही. पावसाळ्याची अडचण वेगळी आहे. घाटमाथ्याला लागून असलेल्या वेल्ह्याच्या पश्चिम भागात आषाढ-श्रावणात हवा इतकी दमट असते की उघड्या डब्यातला मैदाही ओलावा शोषतो, आणि म्हणून दूध एकदम न ओतता दोन चमचे मागे ठेवून लागेल तसे घालावे.

दुप्पट झालेले पीठ हलक्या हाताने दाबून त्याचे दोन गोळे करावेत आणि दहा मिनिटे झाकून ठेवावेत; लगेच लाटायला घेतले तर ताणलेले जाळे पोळी मागे खेचते. मग प्रत्येक गोळ्याची सुमारे तीस सेंटिमीटर व्यासाची पोळी लाटून तिच्यावर मऊ लोणी फासावे, पण मधोमध रुपयाएवढी जागा कोरडी ठेवावी, कारण तेथेच सर्व त्रिकोणांची टोके येतात आणि लोणी लागलेले टोक चिकटून राहत नाही. करंजीच्या कातणाने पोळीचे आठ त्रिकोण कापावेत. एकेक त्रिकोण घेऊन त्याची रुंद बाजू बोटांनी किंचित बाहेर ओढावी, दुसऱ्या हाताने टोक अलगद लांबवावे आणि रुंद बाजूकडून टोकाकडे, न आवळता, गुंडाळत जावे. आवळलेली गुंडाळी भाजताना बाहेरून तडकते आणि आत कच्ची राहते. टोक खालच्या बाजूला दाबून गुंडाळीची दोन्ही अंगे आत वळवली की चंद्रकोर तयार होते. ट्रेमध्ये दोन-दोन बोटे अंतर ठेवून पुन्हा अर्धा-पाऊण तास झाकून ठेवावे. पीठ लावलेल्या बोटाने हलकेच दाबल्यावर खळगा झटकन भरला तर अजून थांबावे, सावकाश भरला तर लगेच भाजायला घ्यावे, आणि भरलाच नाही तर वेळ निघून गेली असे समजावे.

ओव्हन असल्यास 190 अंशांवर चौदा ते सोळा मिनिटे पुरतात. आधी वरून दुधाचा हात फिरवला तर रंग चांगला येतो, कारण दुधातील साखर आणि प्रथिने उष्णतेने तांबूस होतात. ओव्हन नसलेल्या घरात जाड बुडाच्या कढईत मीठ किंवा वाळू पसरून, त्यावर तिवई ठेवून, झाकण लावून ती दहा मिनिटे तापवावी आणि रोलची थाळी आत ठेवून मंद आचेवर वीस ते पंचवीस मिनिटे भाजावी. प्रेशर कुकर यासाठी कोरडा तापवू नये, तो त्या कामासाठी बनवलेला नसतो. कढईत वरून उष्णता कमी पोचल्याने माथा पांढुरका राहतो. वरंधा घाट उतरून महाडकडे गेले की कोकणात झाकणावर निखारे ठेवून वर-खाली आच देण्याची जुनी रीत आहे आणि ती चुलीवरच्या रोललाही तितकीच लागू पडते. आणखी एक मार्ग गावोगावच्या ओळखीचा आहे: दिवाळीत रवा, मैदा, तूप आणि पिठीसाखर घेऊन बेकरीत जायचे आणि नानकटाई भाजून आणायची. तीच भट्टी रोलही भाजू शकेल, फक्त फुगलेले पीठ नानकटाईसारखे रांगेत ताटकळत नाही, म्हणून भट्टीवाल्याशी वेळ आधी ठरवून घ्यावी.

भाजून झालेले रोल जाळीवर दहा मिनिटे निववून सुती फडक्यात गुंडाळून डब्यात ठेवावेत. असे ते दुसऱ्या दिवसापर्यंत मऊ राहतात. फ्रिजमध्ये मात्र ठेवू नयेत, कारण त्या थंडाव्यात भाजलेला स्टार्च पुन्हा घट्ट होण्याची क्रिया वाढते आणि बाहेर ठेवलेल्या पावापेक्षा फ्रिजमधला पाव लवकर शिळा होतो.