पाण्यातली गोळी

गेल्या रमजान ईदला आमच्या घरात शिरखुर्म्यापेक्षा जास्त चर्चा झाली ती एका फसलेल्या वडीची. माझी मुलगी पुण्याला नोकरी करते. मैत्रिणींकडून ती एक पाककृती लिहून घेऊन आली होती. खाली बिस्किटाचा थर, त्यावर टॉफीचा, त्यावर चॉकलेटचा आणि सगळ्यात वर सुकामेवा. गार झालं की चौकोनी तुकडे करायचे. त्याला म्हणे 'बार' म्हणतात. मी म्हटलं, "म्हणजे तीन मजली वडीच की!" ती म्हणाली, "अम्मी, टॉफीचं तू बघ. पाकाचं काम तुझं."

कौतुकानं माणूस फसतो. मीही फसले. कोल्हापुरात राहून टॉफीला साखर घालायची हे मनाला पटेना, म्हणून मी गूळ घेतला. बदामाऐवजी शेंगदाणे घेतले. कागदावर लिहिलं होतं, 'आठ मिनिटं उकळा.' मी घड्याळ समोर ठेवून आठ मिनिटं उकळलं. संध्याकाळी सुरी चालवली, तर मधला मजला काकवीसारखा वाहून ताटात आला. दुसऱ्या दिवशी बारा मिनिटं उकळलं. या खेपेला काळपट, कडू दगड झाला. सासूबाईंनी एक तुकडा तोंडात घातला आणि कवळी सांभाळत बाहेर काढला. त्या काहीच बोलल्या नाहीत. सासूबाई बोलल्या नाहीत, यावरूनच काय ते समजावं.

मग मला मामांची आठवण झाली. हे माझे सख्खे मामा नव्हेत. माझे वडील शाहूपुरीत गुळाच्या अडतीवर दिवाणजी होते. पंचगंगेच्या काठच्या एका गावातून मामा तिथे गुळाचे रवे घेऊन यायचे. ते गुळव्या, म्हणजे गुऱ्हाळात गूळ शिजवणारे कारागीर. वडील गेले, पण मामांचा आमच्या घरचा राबता तुटला नाही. दिवाळीचा फराळ त्यांच्याकडून येतो, ईदचा डबा आमच्याकडून जातो. आता त्यांनी पंचाहत्तरी ओलांडली आहे.

मी फोन लावला. टॉफी म्हणजे काय, हे सांगण्यातच पाच मिनिटं गेली. सगळं ऐकून घेऊन ते म्हणाले, "गोळी पाण्यात टाकून बगितलीस का?"

"नाही मामा. आठ मिनिटं लिहिलं होतं."

"घड्याळ बघून गूळ कुनी काढतंय व्हय, पोरी? घड्याळाला काय ठावं, तुझ्या चुलीला जाळ किती हाय?"

माझ्या दोन्ही फजित्यांचं कारण या एका वाक्यात होतं.

लहानपणी वडिलांबरोबर मी मामांच्या गुऱ्हाळावर जायची. चुलवाणात चिपाडाचा जाळ धडधडत असायचा. वर भल्यामोठ्या काहिलीत उसाचा रस. रस तापला की त्यात भेंडीच्या झाडाचं चिकट पाणी घालायचे. त्याला धरून मळी वर यायची, ती काढून टाकायची. मग रस उकळून घट्ट होऊ लागायचा आणि सगळ्यांचे डोळे मामांकडे लागायचे. ते थोडासा पाक थंड पाण्यात सोडायचे, बोटांनी त्याची गोळी वळायचे आणि ती काहिलीच्या काठावर आपटायचे. आवाज मनासारखा आला की हात वर! काहील उतरवायची. क्षणभर लवकर उतरवली तर रवा बसत नाही, क्षणभर उशीर झाला तर गूळ करपतो. दिवसभराच्या कष्टाचं मोल त्या एका गोळीवर ठरायचं.

यामागचं शास्त्र समजून घेण्यासारखं आहे. साधं पाणी समुद्रसपाटीला १०० अंश सेल्सिअसला उकळतं. त्यात साखर किंवा गूळ विरघळला की उकळण्याचं तापमान वर चढतं. उकळताना वाफेच्या रूपानं पाणी निघून जातं, पाक दाट होतो आणि तापमान आणखी चढतं. म्हणजे पाकाचं तापमान हे एका अर्थानं पाकात उरलेल्या पाण्याचं माप असतं. ११२ ते ११६ अंशांना पाकात सुमारे ८५ टक्के साखर असते आणि पाण्यात टाकल्यावर त्याची मऊ गोळी होते. १२० अंशांच्या आसपास गोळी टणक होते, पण दाबली की दबते. १२१ ते १३० अंशांत ती कडक होते. १४६ अंशांच्या पुढे पाकात जेमतेम एक टक्का पाणी उरतं. तेव्हा गोळी वळतच नाही, पाण्यात पडताच काचेसारखी तडकते. चॉकलेटच्या दुकानातली कडक टॉफी ती हीच. कोल्हापुरी गुळाचा रवा बसवायचा तर काहील साधारण ११४ ते ११८ अंशांच्या दरम्यान उतरवतात. मामांकडे थर्मामीटर कधीच नव्हता. त्यांचं बोटच थर्मामीटर होतं.

मिनिटं का उपयोगाची नाहीत, हे आता लक्षात येईल. भांडं पसरट असेल तर पाणी लवकर उडतं, खोल असेल तर उशिरा. शेगडी मोठी असेल तर आणखी वेगळं. त्यातून मी साखरेऐवजी गूळ वापरलेला. गुळात साखरेबरोबर ग्लुकोज, फ्रुक्टोज आणि क्षारही असतात. त्यामुळे तो साखरेपेक्षा लवकर करपतो. शिवाय हवेतला ओलावा तो जास्त ओढतो. पावसाळ्यात गुळाची चिक्की चिकट होते ती यामुळेच.

तिसऱ्या खेपेला मी मामांच्या सांगण्याप्रमाणे केलं आणि जमलं. तेच प्रमाण सांगते. खालच्या थरासाठी १८० ग्रॅम मैदा, १२० ग्रॅम लोणी आणि ६० ग्रॅम पिठीसाखर. ज्यांना नानकटाई येते त्यांना हे वेगळं शिकवायला नको. पीठ फार मळायचं नाही, नुसतं गोळा करायचं आणि आठ इंची चौकोनी डब्यात थापायचं. काट्यानं टोचे मारून १७० अंशांना वीस-बावीस मिनिटं भाजायचं. कडा बदामी झाल्या की झालं. ओव्हन नसेल तर जाड कढईत मिठाचा थर देऊन, वर जाळी ठेवून, झाकण लावून मंद आचेवर भाजता येतं. वेळ थोडा जास्त लागतो. इथेही घड्याळापेक्षा कडांच्या रंगावर भरवसा ठेवावा.

आता टॉफी. दीडशे ग्रॅम चिरलेला गूळ, शंभर ग्रॅम लोणी, दोन चमचे पाणी. गूळ शक्यतो गडद रंगाचा, रसायनाशिवाय केलेला घ्यावा. पिवळाधमक गूळ बघायला छान, पण तो रंग पुष्कळदा रसायनानं आणलेला असतो. जाड बुडाच्या पातेल्यात मंद आचेवर गूळ आधी पूर्ण विरघळू द्यायचा, मग उकळायचा. सतत ढवळायचं. शेजारी वाटीत थंड पाणी. पाक दाट होऊन मोठे बुडबुडे यायला लागले की थेंब पाण्यात सोडायचा. पसरला तर थांबा. मऊ गोळी झाली तर अजून थोडं. टणक, पण बोटानं दबणारी गोळी झाली की लगेच गॅस बंद. लोणी वेगळं होऊन वर तरंगायला लागलं तर घाबरायचं नाही. आचेवरून काढून चमचाभर गरम पाणी घालायचं आणि जोरात ढवळायचं, बहुतेक वेळा ते परत मिळून येतं. मात्र पाक अंगावर उडू देऊ नका. तो उकळत्या पाण्यापेक्षा गरम असतो आणि कातडीला चिकटून राहतो. लहान मुलांना तेवढा वेळ लांब ठेवा.

हा पाक भाजलेल्या थरावर ओतायचा आणि लगेच त्यावर दीडशे ग्रॅम चॉकलेटचे तुकडे पसरायचे. पाच मिनिटं हात लावायचा नाही. खालच्या उष्णतेनं चॉकलेट आपोआप वितळतं, मग चमच्याच्या पाठीनं सारखं करायचं. चमचा कोरडाठाक हवा. वितळलेल्या चॉकलेटमध्ये पाण्याचे दोन थेंब पडले तरी कोकोचे आणि साखरेचे कण एकमेकांना धरतात आणि त्याचा खरबरीत गोळा होतो. वर भाजून सोललेल्या शेंगदाण्यांची भरड पेरायची, हलकेच दाबायची. पूर्ण कडक होण्याआधी, कोमट असतानाच कापायचं. हे तर आपण वड्यांच्या बाबतीत नेहमीच करतो.

चॉकलेट घेताना पाकिटावर कोको बटर लिहिलंय का, ते बघावं. कोको बटर ३४ अंशांच्या आसपास, म्हणजे आपल्या तोंडातल्या उष्णतेला वितळतं. चॉकलेट जिभेवर विरघळतं त्याचं रहस्य हेच. पण आपल्या उन्हाळ्यात ते डब्यातच विरघळतं आणि परत गोठताना वर पांढरट थर येतो. पुष्कळजण बुरशी समजून ते टाकून देतात. ती बुरशी नसते, वर आलेली चरबी असते. खायला हरकत नाही.

मुलगी म्हणाली, "अम्मी, परदेशी पदार्थ शेवटी आलाच तुला." तेव्हापासून मी विचार करते आहे, यातलं परदेशी नेमकं काय? कोको अमेरिका खंडातला, हे खरं. पण शेंगदाणाही तिथूनच आलेला आहे, आणि त्याला आपण परका म्हणत नाही. कोकोही आता शेजारच्या कर्नाटकात सुपारीच्या बागांमध्ये पिकतो. तिथे पुत्तूरला कॅम्पको या शेतकऱ्यांच्या सहकारी संस्थेनं १९८६ साली चॉकलेटचा कारखाना काढला. राहिली साखर. 'शर्करा' हा शब्द इथून फारसीत गेला, तिथून अरबीत आणि मग युरोपात जाऊन 'शुगर' झाला. आपल्या 'खंड'चा फारसी-अरबीत 'कंद' झाला आणि इंग्रजीत 'कँडी'. तोच कंद फारसी गुलाबाला, म्हणजे 'गुल'ला बिलगून 'गुलकंद' होऊन आपल्या पानाच्या दुकानात परत आला. शब्द असे जाऊन येतात, तेव्हा वाटेत त्यांना कुणी गाव विचारत नाही.

कोल्हापूरला तर गूळ सांगायलाच नको. शाहू महाराजांनी १८९५ साली शाहूपुरी वसवली ती गुळाच्या पेठेसाठी. २०१४ साली कोल्हापुरी गुळाला भौगोलिक मानांकन मिळालं. पण मानांकन मिळालं तरी गुऱ्हाळं कमी होत गेली. ऊस कारखान्यांकडे जातो, गुऱ्हाळावर राबायला माणसं मिळत नाहीत, गुळाच्या दराचा भरवसा नाही. मामांचं गुऱ्हाळही बंद पडलं. काहील गेली, चुलवाण बुजवलं. त्यांची मुलं चांगली शिकली, नोकरीला लागली, त्यात वाईट काहीच नाही. फक्त गोळीचा तो आवाज ओळखायला घरात कुणी शिकलं नाही.

ईदच्या चौथ्या दिवशी मी डबा घेऊन मामांकडे गेले. त्यांनी एक तुकडा हातात घेतला, उलटा करून मधला थर बघितला, नखानं दाबला आणि मगच तोंडात टाकला. "गूळ बराबर उतरलाय," म्हणाले. चॉकलेटबद्दल त्यांनी अवाक्षर काढलं नाही.

मी वही घेऊन गेले होते. पाक कुठल्या टप्प्याला कसा दिसतो, बुडबुडा केव्हा मोठा होतो, वास केव्हा बदलतो, असं सगळं विचारत सुटले. अर्ध्या तासानं ते म्हणाले, "लिहून काय कळनार न्हाय, पोरी. येत्या हंगामात चल. चालू गुऱ्हाळ हाय एक, तितं दावतो. पोरीलाबी आन."

मुलीला तसं कळवलं आहे. तिनं दिवाळीनंतरची रजा टाकली आहे.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)